बैल घाटात, चाप निखाऱ्यावर

पुणे जिल्ह्यात कुणी ‘मी पारगावचा’ म्हणालं की पुढचा प्रश्न ठरलेला : ‘कोणतं पारगाव?’ जुन्नर तालुक्यात पारगाव तर्फे आळे आहे. आंबेगावात भीमाशंकर सहकारी साखर कारखान्याचं पारगाव आहे, शिवाय सातगाव पठारावर पारगाव तर्फे खेड. दौंडात आणखी एक, आणि पुरंदरात पारगाव मेमाणे. आपलं काम जुन्नर-आंबेगावच्या पारगावांशी आहे. इथं रानात रात्रीची शेकोटी पेटली की तिच्यावर काय भाजायचं, यावर एकमत व्हायला वेळ लागत नाही. हल्ली मात्र मोबाइलवर अमेरिकेतल्या अंगणांचे व्हिडिओ बघून पोरांना नवं खूळ लागलंय. बोटभर जाडीचा मांसाचा तुकडा, त्याला चोळलेला मसाला, जाळीवरची चरचर आणि वर हळूहळू वितळणारी हिरव्या लोण्याची चकती. नाव स्टेक. हे खूळ पारगावच्या शिवारात आणायचं म्हटलं तर बहुतेक सगळं सामान आधीच गावात आहे. अडतं फक्त एका ठिकाणी.

बैलाला हात लावायचा नाही

जगभर स्टेक म्हणजे मुख्यतः गाय-बैलाचं मांस. महाराष्ट्रात १९७६ च्या प्राणी रक्षण कायद्यानं गोहत्येवर बंदी होतीच. १९९५ मध्ये विधिमंडळानं त्यात बैल आणि वळूही घातले, पण त्या दुरुस्तीवर राष्ट्रपतींची सही व्हायला २०१५ साल उजाडलं. वीस वर्षं कागद दिल्लीत! २०१६ मध्ये मुंबई उच्च न्यायालयानं बंदी कायम ठेवली. परराज्यातून आणलेलं मांस जवळ बाळगणं हा गुन्हा ठरवणारं कलम मात्र रद्द केलं.

पण जुन्नर-आंबेगावात कायदा नंतर येतो, आधी येतो बैलगाडा. इथं ‘घाट’ म्हणजे डोंगरातला रस्ता नव्हे, शर्यतीची धावपट्टी. प्रत्येक गाड्याची एक ‘बारी’, सेकंदावर निकाल, आणि सगळ्यांत वेगवान तो ‘घाटाचा राजा’. ७ मे २०१४ रोजी सर्वोच्च न्यायालयानं शर्यती बंद केल्या, तेव्हा या पट्ट्यातल्या यात्रांची निम्मी रयाच गेली. डिसेंबर २०२१ मध्ये अटी घालून परवानगी मिळाली आणि १८ मे २०२३ रोजी घटनापीठानं महाराष्ट्राचा सुधारित कायदा वैध ठरवला. शर्यतीच्या बैलाला पोटच्या पोरासारखा खुराक देणाऱ्या माणसापुढं ‘बैलाचा स्टेक’ हे शब्द काढून बघा. बारी तुमचीच लागेल.

पुण्याच्या हॉटेलात मग काय मिळतं?

म्हैसवर्गाचं. कायद्यातली सरसकट बंदी गाय, बैल आणि वळू यांच्यापुरती आहे. कॅम्पातल्या खाटकाकडं या कामासाठी जो तुकडा मागतात त्याला ‘अंडरकट’ म्हणतात. कण्याच्या आतल्या बाजूनं जाणारा हा लांबट स्नायू चालण्याबसण्याच्या कामात फारसा पडत नाही, म्हणून मऊ राहतो. स्नायू जितका कष्टाळू तितका चिवट, हा नियम सगळ्या जनावरांना लागू. त्यामुळं मानेचं आणि पायाचं मांस रश्श्यात, पाठीचं जाळीवर.

पुणेकरांची स्टेकशी पहिली गाठ पडली ती बहुधा सिझलरच्या धुरात. मुंबईतल्या एका इराणी कुटुंबानं १९६० च्या दशकात सिझलर भारतात रुजवला आणि पुढं पुण्याच्या कॅम्पात ‘द प्लेस : टशे द सिझलर’ उभं राहिलं. बिडाची तापलेली थाळी, खाली लाकडी पाट, मधे कोबीची पानं आणि ऐनवेळी ओतलेलं लोणी नाहीतर सॉस. आवाज मोठा, धूर त्याहून मोठा. खरं सांगायचं तर ती वाफ असते आणि भाजणं आत स्वयंपाकघरातच उरकलेलं असतं. टेबलावर येतो तो तमाशा. पण शेजारच्या टेबलानं मान वळवली की पैसे वसूल.

आता रेड्याचं काय? तर तिथंही पंचाईत. पारगाव तर्फे आळे ज्या आळ्याच्या नावानं ओळखलं जातं, त्या आळे गावात ज्ञानेश्वरांनी ज्याच्या मुखी वेद वदवले त्या रेड्याची समाधी आहे, अशी श्रद्धा आहे. लोक तिथं यात्रेला जातात. म्हणजे एका बाजूला घाटाचा राजा, दुसऱ्या बाजूला वेद म्हणणारा रेडा. जाळीवर उरला बोकड.

चाप जाड काढा, मामा

आणि बोकड काही कमी नाही. फक्त खाटकाशी नीट बोलावं लागतं. आपल्याकडं मटण मागायचं म्हणजे ‘एक किलो, मिक्स द्या, नळी टाका, कलेजीचे दोन तुकडे टाका’. मग सुरी, ठोकळा आणि खटाखट तुकडे. जाळीसाठी हे चालत नाही. ‘मामा, पाठीच्या चापा द्या, दोन बरगड्यांची एक, आणि ठोकू नका,’ असं सांगावं. पहिल्यांदा मामा वर बघतो. मग सुरी पुसून, बरगड्यांच्या मधोमध धार ठेवून एकाच दाबात चाप सोडवतो. हाताला धरायला हाड, त्याला चिकटलेला बोटभर जाडीचा गोळा, कडेला पांढऱ्या चरबीची कोर. ती कोर काढू द्यायची नाही. बोकडाच्या मांसात चरबीच्या रेषा जवळजवळ नसतात, जी काय आहे ती कडेलाच.

जनावर कोवळं हवं. जून बोकडाच्या चापेला कच्च्या पपईचा कीस चोळून तासभर ठेवा. पपईच्या चिकातलं पपेन हे विकर मांसातली प्रथिनं तोडतं. ते साधारण ६० ते ७० अंशांना सगळ्यात जोरात काम करतं, म्हणजे चाप जाळीवर गेल्यावरही त्याचं काम चालूच असतं. रात्रभर ठेवलं तर मात्र मांस पिठूळ होतं आणि मग त्याचा खिमा म्हणावं की चाप, हा वाद होतो.

मिठाचं वेळापत्रक वेगळंच आहे. मीठ चोळल्यावर पहिल्या काही मिनिटांत मांसातलं पाणी वर येतं. त्यातच मीठ विरघळतं आणि तो खारट ओलावा पुन्हा आत मुरतो. याला पाऊणएक तास लागतो. तेव्हा मीठ तासभर आधी लावा, नाहीतर जाळीवर टाकताना लावा. दहा मिनिटं आधी लावलंत तर सगळ्यात वाईट. पृष्ठभाग ओला राहतो आणि ओलं मांस भाजत नाही, उकडतं.

ते रक्त नव्हे

कापल्यावर ताटात लाल पाणी उतरलं की पंगतीतला एक तरी जण ‘कच्चंय, रक्त आहे’ म्हणून ताट सरकवतो. कापतानाच जनावराचं रक्त जवळजवळ सगळं निघून गेलेलं असतं. हा लाल रंग मायोग्लोबिनचा. स्नायूंत प्राणवायू साठवून ठेवणारं हे प्रथिन. तापमान चढत गेलं की ते गुलाबी होतं, मग तपकिरी. कोंबडीच्या छातीचं मांस पांढरं आणि तंगडीचं गडद का, याचंही उत्तर तेच : चालणाऱ्या स्नायूंत मायोग्लोबिन जास्त.

म्हणून कच्चंच खा असं नव्हे. अमेरिकेचं कृषी खातं अखंड तुकड्यासाठी आत ६३ अंश आणि वर ३ मिनिटं विसावा सांगतं, खिम्यासाठी ७१ अंश. फरक का? जंतू बहुतेक वरच्या पृष्ठभागावर असतात. तुकड्याचा पृष्ठभाग भाजून निघतो, पण खिमा करताना बाहेरचं सगळं आत जातं. हाताशी थर्मामीटर नसेल तर आपली सवय बरी : मधे गुलाबी रंग राहू देऊ नये.

रस कोंडत नाही

‘आधी मोठ्या आचेवर दोन्ही बाजू भाजा, म्हणजे रस आत कोंडतो.’ हे वाक्य जगातल्या प्रत्येक भाषेत कुणी ना कुणी म्हणतं. ते रुजवलं युस्टस फॉन लीबिग या जर्मन रसायनशास्त्रज्ञानं, १८४७ च्या सुमारास. खतांच्या शास्त्रात हे फार मोठं नाव, आपल्या ऊसवाल्यांनीही ऋणी असावं असं. पण इथं गडी चुकला. १९३० च्या दशकात अमेरिकेत मांस तोलून पाहिलं तेव्हा आधी करपवलेल्या तुकड्यातूनही पाणी तेवढंच, किंबहुना थोडं जास्तच, गेलेलं निघालं. वर भाजून झालेला पापुद्रा जलरोधक नसतो. तो असता तर जाळीवर चरचर कसली ऐकू आली असती? ती चरचर म्हणजे बाहेर पडणारं पाणीच.

तरीही मोठी आच हवीच, पण ती चवीसाठी. १४० अंशांच्या आसपास अमिनो आम्लं आणि शर्करा यांची जी धांदल सुरू होते तिला मायार अभिक्रिया म्हणतात. लुई-कामीय मायार या फ्रेंच वैद्य-रसायनज्ञानं १९१२ मध्ये ती मांडली. भाकरीचा पापुद्रा, भाजलेले शेंगदाणे, कांद्याचा तपकिरी परतावा, कॉफी, सगळीकडं हेच गृहस्थ. पाणी १०० अंशांच्या वर जात नाही, म्हणून पातेल्यातल्या रश्श्यात मटण कितीही शिजवा, तो भाजका वास येणार नाही. आपल्या आज्या मटण आधी परतून घ्यायच्या, ते याच कारणानं. मायारचं नाव त्यांना ठाऊक असायची गरजच नव्हती.

राजाच्या ताटातली कलेजी

मसाला लावून निखाऱ्यावर मांस भाजणं ही पाश्चात्त्यांची देणगी, असं कुणी म्हणालं तर ‘मानसोल्लास’ पुढं करावा. कल्याणीचा चालुक्य राजा तिसरा सोमेश्वर याचा हा बाराव्या शतकातला संस्कृत ग्रंथ. कल्याणी म्हणजे आजचं बसवकल्याण, बिदर जिल्ह्यात, मराठी मुलखाच्या अगदी उंबऱ्यावर. राजानं हत्ती, रत्नं, खेळ, गाणं यांच्या बरोबरीनं जेवणावरही मन लावून लिहिलंय. त्यात शूळावर भाजलेलं मांस आहे. सुपारीच्या आकाराचे कलेजीचे तुकडे निखाऱ्यावर भाजून, मसाल्यात परतून दह्यात किंवा मोहरीच्या पाण्यात सोडायची कृती आहे. नदीकाठचे मोठे काळे उंदीर कसे शिजवावेत, हेही आहे. ती कृती इथं देत नाही.

गंमत एवढीच की या मसाल्यात मिरची नव्हती. मिरची अमेरिका खंडातली, पोर्तुगीजांच्या जहाजांतून सोळाव्या शतकात इकडं आली. सोमेश्वराच्या जिभेला तिखट म्हणजे मिरी, सुंठ, मोहरी. मिऱ्यांचा रुबाब तर असा की इ. स. ४०८ मध्ये अलारिक नावाचा राजा रोमला वेढा घालून बसला, तेव्हा त्यानं खंडणीत सोन्याचांदीबरोबर ३,००० पौंड मिरी मागितली.

मसाला चोळताना

या भागात घरोघरी काळा मसाला असतो. भाजलेला कांदा, सुकं खोबरं, धने आणि डझनभर खडे मसाले. त्यातला एक जण वेगळ्या जातीचा आहे : दगडफूल. ते फूल नाही, मूळ नाही, साल नाही. ते शेवाळ आणि बुरशी यांनी एकत्र थाटलेला संसार आहे, शास्त्रात त्याला शैवाक म्हणतात. कोरडं हुंगलं तर फारसा वास येत नाही. तूप-तेलात तापलं की धुरकट, मातकट गंध सुटतो. जाळीवरच्या मांसाला याच्याइतका शोभणारा मसाला दुसरा नाही, हे माझं ठाम मत.

पण काळा मसाला जसाच्या तसा चोळू नका. त्यातलं खोबरं आणि कांदा आधीच भाजलेले असतात. निखाऱ्यावर ते दुसऱ्यांदा भाजले की कडू होतात. जाळीसाठी धने, मिरी, दगडफूल, थोडी लाल मिरची जाडसर कुटावी आणि सोबत चिमूटभर गूळ. अमेरिकेतले लोक चोळायच्या मसाल्यात ब्राऊन शुगर घालतात. उसाच्या पट्ट्यात राहून ती विकत आणणं हा शुद्ध वेडेपणा. गूळ रंग धरतो, पण लवकर करपतो, म्हणून चिमूटच.

मिरची खाल्ल्यावर तोंडाची आग होते, ती कल्पना नव्हे. मिरचीतलं कॅप्सायसिन चेतातंतूंवरच्या ज्या दाराला लागतं, ते दार मुळात सुमारे ४३ अंशांच्या वरची उष्णता ओळखायला असतं. मेंदूला खरोखरच भाजल्याचा निरोप जातो. हे दार शोधल्याबद्दल डेव्हिड ज्यूलियस यांना २०२१ चं नोबेल मिळालं. पक्ष्यांच्या अंगात हेच दार कॅप्सायसिनला दाद देत नाही. म्हणून पिंजऱ्यातला पोपट मिठू-मिठू करत मिरची सोलतो आणि आपण पाण्याचा तांब्या शोधतो. पाण्यानं काही होत नाही. कॅप्सायसिन स्निग्धात विरघळतं.

म्हणून लोणी

स्टेकवर लोण्याची चकती ठेवायचं खरं कारण हेच, असं मला वाटतं. फ्रेंच लोक लोण्यात पार्स्ली आणि लिंबू कालवून त्याची सुरळी करतात. आपल्याकडं पार्स्लीचं अडतंय कुणाचं? कोथिंबीर बारीक चिरायची, दोन पाकळ्या लसूण ठेचायचा, लिंबू, मीठ, आवडत असेल तर हिरवी मिरची. लसूण ठेचायचाच, कारण अख्ख्या पाकळीला वास नसतो. पेशी फुटल्या की दोन वेगळे ठेवलेले पदार्थ भेटतात आणि तेव्हा ॲलिसिन तयार होतं. हे सगळं मऊ लोण्यात कालवून केळीच्या पानात गुंडाळून गार करा.

लोणी घरचं हवं. घुसळलेल्या ताकावर कण तरंगायला लागतात, ते हातानं गोळा करत जायचं, गार पाण्यातून काढायचं. बोटांना चिकटतं, पण पाण्यात हात बुडवला की सुटतं. म्हशीचं असेल तर पांढरंशुभ्र. म्हैस चाऱ्यातल्या कॅरोटीनचं अ जीवनसत्त्व करून टाकते, गाय त्यातलं बरंचसं तसंच दुधात उतरवते, म्हणून गाईचं लोणी पिवळं. म्हशीच्या दुधात स्निग्धांशही गाईच्या जवळपास दुप्पट. आंबेगाव तालुका तर दुधाचाच. मंचरला १९९२ मध्ये सुरू झालेल्या पराग मिल्क फूड्सचं ‘गोवर्धन’ तूप आज देशभर जातं.

एक नियम मोडायचा नाही : मसाला आधी, लोणी शेवटी. लोण्यात सुमारे १६ टक्के पाणी आणि थोडा दुधाचा ऐवज असतो. दीडशे-पावणेदोनशे अंशांना तो धूर सोडतो आणि काळा पडतो. भाजताना वरून काही सोडायचंच तर तूप सोडा, ते अडीचशे अंशांपर्यंत दम धरतं. चाप उतरवून पाच मिनिटं विसावू द्या आणि मग वर चकती ठेवा. आधी कडा सुटतात, हिरवे ठिपके घसरत हाडाकडं जातात आणि ताटात मसाल्याचा तिखट तेलकट ओघळ जमतो. त्यात बाजरीची भाकरी मोडायची. सुरी-काट्याचं इथं काम नाही.

पंगतीत एखाद्याला कोथिंबीर साबणासारखी लागते. तो नाटक करत नसतो. वास ओळखणाऱ्या एका जनुकातल्या फरकामुळं काहींना तिच्यातली अल्डिहाइडं ठळक जाणवतात. त्याच्यासाठी पुदिन्याची चकती करावी.

आगटी आहेच

जाळीचा महागडा सांगाडा आणायचं कारण नाही. थंडीत हुरड्यासाठी जमिनीत खड्डा करून गोवऱ्यांचा आर पाडतात ती आगटी म्हणजे तयार भट्टी. फक्त मांसाला गोवऱ्यांपेक्षा बाभळीचा कोळसा बरा, त्याची आच टिकते. ज्वाळा विझून निखाऱ्यावर राखेचा पातळ पदर आला की जाळी ठेवावी. तळहात वितभर वर धरा. दोन-तीन आकडे मोजेपर्यंत काढून घ्यावासा वाटला तर आच तयार. निखारे एका बाजूला जास्त, दुसऱ्या बाजूला विरळ. आधी जोरात भाजा, मग विरळ बाजूला सरकवा. आणि ज्या वासासाठी एवढा खटाटोप, तो कोळशाचा नसतोच. चरबीचे थेंब निखाऱ्यावर पडून त्यांची वाफ वर येते, तिचा असतो.

जुन्नरकरांसाठी चुलीच्या बाजूनं आणखी एक मुद्दा. खोडदला ४५ मीटर व्यासाच्या ३० तबकड्यांची रेडिओ दुर्बीण आहे. अशाच एका, ऑस्ट्रेलियातल्या पार्क्स दुर्बिणीवर वर्षानुवर्षं काही गूढ संकेत येत होते. २०१५ मध्ये कळलं की वेधशाळेतले लोक मायक्रोवेव्हचं दार वेळेआधी उघडत होते, त्याचा तो खोडसाळपणा! निखाऱ्यानं कुठल्या दुर्बिणीला फसवल्याची नोंद नाही.

माळकऱ्यांनी काय करायचं?

त्यांची सोय या तालुक्यांनी केव्हाच केलीय. मासवडी हा इथला मानाचा पदार्थ. शिजवलेलं बेसन ओल्या फडक्यावर थापायचं, आत खोबरं, तीळ, लसूण, कोथिंबिरीचं सारण भरायचं आणि वळकटी करून माशासारख्या वड्या कापायच्या. सोबत झणझणीत रस्सा. मासा नाही तरी मासवडी, मग मांस नसलेल्या स्टेकला कोण अडवणार? सातगाव पठारचा बटाटा सालासकट निखाऱ्यात पुरा, मक्याचं कणीस भाजा, पनीरचा जाड तुकडा मसाला लावून जाळीवर टाका. लोणी सगळ्यांना तेच.

हाडांचं काय केलंत?

हा प्रश्न इथं गमतीचा नाही. जुन्नर-आंबेगावच्या उसात बिबट्या राहतो, तिथंच पिल्लं वाढवतो. माणिकडोहला बिबट निवारा केंद्र आहे, ते उगाच नाही. रात्री रानात जेवण झाल्यावर हाडं बांधावर भिरकावली की कुत्री येतात आणि कुत्र्यांमागं बिबट्या. तेव्हा हाडं आणि उरलंसुरलं खोल पुरा. लहान पोरांना उजेडात, मोठ्यांच्या मधे बसवा. उसाच्या कडेला एकट्यानं जाऊ नका. बिबट्या दिसलाच तर मोबाइलवर चित्रीकरण करत बसण्यापेक्षा वनविभागाचा १९२६ हा क्रमांक फिरवा.